हात मोकळे ठेवून

प्रिय आकांक्षा,

तू फोन उचलत नाहीस ते बराबरच आहे. तुझ्या जागी मी असते तर नंबरच पुसून टाकला असता. म्हणून लिहायला बसले. सातवी शिकलेल्या बाईचं पत्र आहे, मधूनच आपली बोली डोकावेल, सांभाळून घे. फोनवर मी मधेच रडले असते, आणि माझ्या डोळ्याला लागलेल्या पदरावर तू आता विश्वास ठेवू नयेस हेच बरं.

आधी घरचं सांगते. तूर शेंगांनी वाकली आहे, रानडुकरांनी अजून तरी दया केली. परसातला तुझा गवती चहा मी मरू दिला नाही. भागवत जिनिंगवर रात्रपाळीला जातो, सकाळी येतो, जेवतो, झोपतो. पोटचा पोर, पण माझ्याशी मीठ वाढ, पाणी दे, एवढंच बोलतो. परवा सेनगावला जाऊन साखर तपासून आले. कमी आली. डॉक्टर हसून म्हणाला, सुनेनं चांगलं वळण लावलं तुम्हाला. त्यानंतर मला त्या बाकड्यावर बसवेना. गोळ्यांची चिठ्ठी न घेताच बाहेर आले आणि पुन्हा आत जावं लागलं.

साखर पहिल्यांदा निघाली त्या दिवशी मी तुझ्यावरच डाफरले होते, आठवतं का? डॉक्टर म्हणाला, रोज भरभर चाला. मी म्हणाले, जन्म गेला रानात चालून, आता आणखी किती चालू? तर म्हणे रानातलं चालणं म्हणजे वाकणं, थांबणं, पुन्हा वाकणं. हे वेगळं. न थांबता, दम लागेल असं. चालताना बोलता यावं, पण गाणं म्हणता येऊ नये. मी मनात म्हणाले, ह्याला रिकामं बसून काहीही सुचतं. घरी आल्यावर तू रद्दी पेपरवर माझा पाय ठेवून पेनानं आखून घेतलास आणि पुढच्या बाजाराला बुटांचे दोन जोड आणलेस, एक तुझा, एक माझा, दोन्ही निळे. मी म्हणाले, साडीखाली बूट घातले तर गावाला वर्षभराची करमणूक होईल. तू म्हणालीस, होऊ द्या की, फुकट आहे.

तुला माहीत आहे आपल्याकडं कसं असतं. बाई चालते ती कशाला तरी चालते. रानात, दळणाला, दवाखान्यात, मयताला. नुसती चालायला कोण चालतं? आणि बाई भरभर चालताना दिसली तर एक तर कोणी गेलं असेल, नाहीतर घरात भांडण झालं असेल. म्हणून पहिल्या दिवशी मी हातात विळा आणि रिकामी पिशवी घेतली होती. कोणी विचारलंच तर गवताला चालले म्हणायचं. तू दोन्ही काढून घेतलेस. म्हणालीस, आत्याबाई, हात मोकळे ठेवा, कोपरात वाकवा, मागंपुढं हलू द्या, त्यानं पायाला जोर येतो. आधी जरा हळू निघा, मग वेग धरा, एकदम धावत सुटल्यासारखं नको. पावलं लांब टाकू नका, जवळजवळ टाका, पण पटापट. आणि मान वर. तेवढं मला जमेना. मी ह्या घरात आले तेव्हा माझ्या सासूनं मला हळू चालायला शिकवलं होतं. जोडव्यांचा आवाज ओसरीवर गेला की उभी करायची. एवढ्या वर्षांनी तिच्याच सुनेला तू भरभर चालायला शिकवून राहिली होतीस, आणि मी अजून जमिनीकडंच बघत होते.

भागवत रात्रपाळीहून यायच्या आत आपण परत यायचो. त्यालाही सांगायचं नाही म्हणून मी तुला माझी शपथ घातली. तू हसत म्हणालीस, बरं बाई, न्हाई सांगत. आता खरं सांगते, आठ-दहा दिवसांत मला ते आवडायला लागलं होतं. गुडघा कुरकुरायचा थांबला. पुलापर्यंत पोचून माघारी वळताना अंगात ऊब यायची, छाती मोकळी व्हायची, तू पुढं आणि मी मागं, तुझी वेणी हलताना बघत चालायचे. कधी उजाडतं असं व्हायचं. ह्या वयात आपल्याला कशाची तरी ओढ लागली ह्याचीच मला सगळ्यात जास्त लाज वाटायची. बूट मी कोठीमागं लपवायचे. चोरी केलेल्या मालासारखे.

त्या दिवशी तुला ताप होता. तू म्हणालीस, आज राहू द्या. मी म्हणाले, एक दिवस खंड पडला की सवय मोडते, तूच म्हणतेस ना. एकटी निघाले. अंगात काय संचारलं होतं कोण जाणे, पुलाच्याही पुढं गेले, चांगलं उजाडलं तरी वळलेच नाही. मान वर होती, हात हलत होते. आणि मागून प्रेमसिंगची जीप आली. पायी माणूस दिसलं की आपल्याकडं जीप थांबतेच, हात करावा लागत नाही. आत बाजाराला निघालेल्या आपल्याच गावच्या बाया, पुढं शिवकन्या. प्रेमसिंग म्हणाला, मावशी, एवढ्या तातडीनं कुठं चालल्या? चालायला चालले, असं कसं सांगावं? दादाचं गाव त्याच रस्त्यावर, म्हणून तोंडातून निघालं, भावाकडं. लगेच सरकून जागा केली त्यांनी. मी चढले आणि पाय सीटखाली ओढून साडी खाली सोडली. हातात पिशवी नाही, सकाळची वेळ, तोंड घामानं भिजलेलं. मी पदरानं घाम पुसला. शिवकन्यानं ते बघितलं आणि माझ्या गुडघ्यावर हात ठेवून हळूच विचारलं, काहून वो, सुनेनं काही म्हणलं का?

तिथं मी न्हाई म्हणू शकत होते. तोंड काही शिवलेलं नव्हतं. मी म्हणाले, जाऊ द्या बाई, आपलंच नशीब. एवढंच बोलले, पण पुरे झालं. जीपभर बाया हळहळल्या, कोणी पाण्याची बाटली दिली, कोणी आपल्या सुनेचं सांगितलं. चालायला निघाले म्हणायची मला लाज वाटली आकांक्षा, आणि सुनेनं छळलं म्हणायची वाटली नाही. छळलेल्या सासूला जागा करून देतात. बूट घालून हिंडणाऱ्या सासूला हसतात. मी जागा घेतली.

उतरताना बूट दिसतील म्हणून ते सीटखालीच काढले आणि पदराखाली धरून दादाच्या अंगणातल्या कडब्यात खुपसले. घरात गेले ती अनवाणी. अनवाणी बघून वहिनीनं तर गळाच काढला, सुनेनं पायात चप्पलसुद्धा घालू दिली नाही म्हणून. साखरेचा चहा झाला, शिरा झाला, मी दोन्ही खाल्लं. दुःखी बाईला भूक कमी लागते हेसुद्धा माझ्या ध्यानात राहिलं नाही. मला वाटलं, एक दिवस राहून परत जाऊ, मिटून जाईल. पण दगडोबादादाचा स्वभाव तुला ठाऊक आहे. तुझे सासरे गेल्यापासून ह्या घराचा न्याय आपणच करायचा असं त्यानं धरून ठेवलंय. दुसऱ्या दिवशी गावातली दोन माणसं घेऊन तो माझ्यासोबत आलाच.

ती बैठक मला झोपेतही दिसते. तू तापानं फणफणलेली, डोक्यावर पदर घेऊन चौकटीशी उभी. भागवत नुकताच कामावरून आलेला, डोळे लाल, त्याला काहीच कळत नव्हतं. दादा विचारून राहिला होता, माझी बहीण उजाडायच्या आत अनवाणी घराबाहेर काहून पडली, सांग. तू माझ्याकडं बघितलंस. मी माझ्या पायांकडं. मांडीशी वहिनीनं दिलेली डाळीची पिशवी होती आणि तिच्या तळाला कडब्यातून काढलेले बूट. पिशवीच्या तोंडातून निळी नाडी बाहेर आली होती. ती मी पाहिली तेव्हा तूही पाहत होतीस. मला वाटलं, संपलं, आता ही ओढून काढेल आणि चारचौघांत दाखवेल. तू पुढं आलीस, वाकलीस, नाडी हळूच आत सारलीस आणि पिशवी उचलून स्वयंपाकघरात ठेवून आलीस. मग म्हणालीस, माझं काही चुकलं असंल मामा. संध्याकाळी तुझा भाऊ गाडीवर येऊन तुला घेऊन गेला. मी अंगणात उभी होते. शालसुद्धा घातली नाही तुझ्या अंगावर.

तुझ्या मागं मी तीन ठिकाणी खरं सांगून पाहिलं. आधी भागवतला. तो म्हणाला, मी आणायला जाणार नाही, ज्यानं घालवलं त्यानं आणावं. बराबर बोलला. मग दादाला सांगितलं, तर तो हसला. म्हणाला, रानात राबणारी बाई नुसती चालायला जाते का कधी? पोराच्या दबावानं बोलून राहिलीस, मला कळत न्हाई का. मग गिरणीवर शिवकन्याला सांगितलं. तिनं माझे हात धरले आणि सगळ्यांच्या देखत म्हणाली, बघा, एवढं सोसूनही सुनेचं झाकतेय, याला म्हणतात मोठं मन. तिथल्या बायांनी माना डोलवल्या. आता बोल. खोटं बोलले तेव्हा माझी कीव झाली, खरं बोलले तर माझं नाव मोठं झालं, आणि तुझं होतं तिथंच चिखलात. ज्योतीच्या सोयरिकीची बोलणीही त्यापायीच थांबली. तुझ्या धाकट्या बहिणीनं, त्या लेकरानं, काय पाप केलं?

तेव्हापासून मी पुन्हा चालायला लागले आहे. अंधारात नाही, चांगलं ऊन आल्यावर, मधल्या रस्त्यानं, बूट घालून. पोरं मागं लागली दोन दिवस, म्हातारे खोकले. कुठं चालल्या विचारलं की मी म्हणते, चालायला. पहिल्यांदा म्हणताना कान तापले होते. आता तेवढे तापत नाहीत. सगळ्यात आधी पटलं ते प्रेमसिंगला. म्हणाला, मावशी, मी बूट तवाच पाहिले व्हते, मला वाटलं घाईत पोराचे घातले. मग मी सगळं सांगितलं, तर त्यानं जीप बंद केली. म्हणाला, माझ्याच जीपनं सगळ्या रस्त्यानं ही बातमी वाटली. आता चढेल त्याला तो खरं सांगतो. ऐकतात, हसतात, पण किती जण मानतात देव जाणे. आपल्याकडं सांगितलेलं कोणी मानत नाही बाई, दिसलेलं मानतात.

म्हणून हे पत्र, आणि ते प्रेमसिंगच्याच हाती देऊन राहिले. येत्या बाजाराच्या दिवशी मी तुझ्याकडं चालत येणार आहे. दादाच्या गावावरून, भर बाजारातून, त्याच्या दारावरून, निळे बूट घालून, मान वर करून. तो समोर आला तर म्हणेन, चल सोबत, बघ कशी चालते. जीपनं येणार नाही, तुझ्या भावाला गाडी घेऊन पाठवू नकोस. वाटेत साखर फार उतरली तर म्हणून गुळाचा खडा कमरेला असेल, तू सांगितलेलं लक्षात आहे. विहिणीच्या दारी रिकाम्या हातानं जाऊ नये, पण हातात पिशवी दिसली की लोक म्हणतील कामाला चालली, म्हणून काही आणणार नाही, आईला माझ्या वतीनं सांग. लिहायचं खरं कारण एवढंच की तुझी आई ओट्यावर बसलेली असते. माझ्या वयाची बाई एकटी, झपाझप, रस्त्यानं आपल्याच घराकडं येताना दिसली की कोणाच्याही काळजात धस्स होतं, कोणी गेलं असं वाटतं. तिला आधीच सांगून ठेव. कोणी गेलेलं नाही, भागवत बरा आहे, नुसती तुझी सासू माफी मागायला येऊन राहिली आहे. दार लावून घ्यावंसं वाटलं तर घे, मी ओट्यावर घोटभर पाणी पिऊन आले तशी परत चालत जाईन, तुझ्या नावानं कोणाला काही बोलणार नाही. पण तुझे बूट इथंच राहिलेत, कोठीमागं नाहीत आता, समोरच्या दारात माझ्या बुटांच्या जागेशेजारी ठेवलेत. ते मी आणणार नाही. मला हात मोकळे ठेवायचेत.

तुझीच,
आत्याबाई