किल्ल्याचं पाणी

सर,

नकाशा उलगडतानाचा तो आवाज आधी येतो, तुम्ही मागून येता. मेणकापडाची ती जाड गुंडाळी तुम्ही फळ्यावरच्या खिळ्याला अडकवायचात, दोरी सोडायचात, आणि ती फर्रर्र करत खाली यायची. तळाचा लाकडी दांडा भिंतीवर आपटायचा, टक्. त्या टक् बरोबर मागच्या बाकापर्यंत सगळे चिडीचूप. आज दुपारी पलीकडे गिरणीच्या शेडचे पत्रे उतरवतायत, आणि एखादा पत्रा घसरत घसरत खाली येतो तेव्हा हुबेहूब तोच आवाज होतो. दोनदा मी मान वर करून पाहिलं. तुम्ही नव्हतात, हे काय सांगायला हवं. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की वयात मी तुम्हाला मागे टाकलंय. म्हणूनच आज लिहायला बसलो. आता तुमच्याशी बरोबरीने भांडता येईल.

आधी परिस्थिती सांगतो, म्हणजे तुम्ही ‘संदर्भासह लिही’ म्हणून कान धरायला नको. गिरणी बंद पडली. आधी एक पाळी गेली, मग दुसरी, मग एका सकाळी फाटकावर नोटीस. त्या दिवसांत पेपरात रोज मोठे मथळे असायचे, देशाची दारं उघडली म्हणून. आमचं फाटक तेवढं त्याच हवेने बंद झालं. आता ती जमीन एका नव्या मालकाने घेतलीय आणि त्याला तिथे काचेचा बाजार उभा करायचाय. त्याच जमिनीवरच्या आमच्या चाळीचा खटला कोर्टात आहे. वकील म्हणतात, निकाल लागेपर्यंत घर सोडू नका. जो आत राहील त्याचा हक्क राहील, जो बाहेर पडला तो संपला. पण ओळीतली एकेक घरं सह्या करून गेली. आता दिवा लागतो तो दोनच खोल्यांत, माझ्या आणि शेजारच्या वहिनींच्या. वहिनींचे यजमान माझ्याबरोबर कापड तपासायच्या खात्यात होते. ते गेले, मूलबाळ नाही, जायला ठिकाण नाही. मला मुलाचा फ्लॅट आहे, खजरान्याकडे, लिफ्टवाला. मी गेलो की वहिनी एकट्या उरतील, आणि एकट्या बाईला बाहेर काढायला मालकाच्या लोकांना एक सकाळसुद्धा लागायची नाही. तर गेल्या आठवड्यात त्यांनी काय केलं, चाळीच्या पाण्याच्या झडपेवर लोखंडी पेटी बसवली, तिला कुलूप घातलं आणि कुलपाशेजारी खुर्ची टाकून एक गुरखा बसवला.

गुरखा, सर! मी एकटाच मोठ्याने हसलो. वहिनी म्हणाल्या, “भावजी, पाणी तोडलं आणि तुम्ही हसता काय?” त्यांना कसं सांगू? त्या कुलपाकडे पाहताना मला सहावीचा वर्ग दिसत होता, आणि हिमालयाच्या तपकिरी पट्ट्यावर टेकलेली तुमची छडी.

किती दिवस तुम्ही तो गोरख्यांचा धडा लांबवला होतात! पुस्तकात तो पानभरसुद्धा नव्हता. तुम्ही गौतमपुऱ्याचे, दिवाळीनंतर तिथे दोन गावं हिंगोटची पेटती फळं एकमेकांवर फेकत लढतात, त्यातल्या एकाचा डाग कानामागे मिरवणारे. लढाईचं नाव निघालं की तुमचा आवाजच बदलायचा. डोंगरात गोरखा नावाचं एक एवढंसं राज्य, तुम्ही सांगताय, आणि तिथला तरुण राजा कड्यावर उभा राहून खाली नेपाळचं खोरं पाहतोय. हिरवं, श्रीमंत, तीन शहरांचं. तिथे तीन राजे, एकमेकांचे भाऊबंद आणि एकमेकांचे वैरी. हा काय करतो? घाईघाईने तुटून पडत नाही. खिंडी धरतो. मीठ आत जाऊ देत नाही, कापूस आत जाऊ देत नाही; चोरून नेणारा सापडला तर रस्त्याकडेच्या झाडाला टांगतो. एक गाव त्याला दोनदा परतवतं, आणि तिसऱ्या वेळी पडतं तेव्हा तो तिथल्या लोकांची नाकं कापतो. आम्ही सगळ्यांनी आपापली नाकं धरली होती. मी उभा राहून विचारलं, “सर, मग ते शूर कसे?” तुम्ही चष्मा वर केलात आणि म्हणालात, “शूर माणूस भला असतो असं तुला कुणी सांगितलं? बस खाली.”

मी खाली बसलो, पण गप्प बसलो नाही हे तुम्हाला आठवत असेल. कारण पुढे नालापाणीची लढाई आली. तेच गोरखे पश्चिमेला पार सतलजपर्यंत पोचले, कंपनी सरकारला भिडले, आणि डेहराडूनजवळच्या टेकडीवर एका लहानशा किल्ल्यात मूठभर लोक बायकामुलांसकट अडकले. गोऱ्यांचा सेनापती पहिल्याच हल्ल्यात दारापाशी मेला. तोफा कमी पडल्या, तेव्हा कंपनीने किल्ल्याबाहेरचा झरा शोधला आणि पाणी तोडलं. ज्यांच्या आजोबांनी दुसऱ्यांचं मीठ तोडलं होतं, त्यांचं पाणी तुटलं. तुम्ही तिथे थांबलात. रुमाल काढून ओठ पुसलेत. मग सांगितलंत, की तहानेने मेलेल्यांना आत ठेवून उरलेले एके दिवशी उपसलेल्या खुकऱ्या घेऊन दारातून बाहेर आले आणि वेढा चिरत डोंगरात निघून गेले. माझ्या अंगावर असा काटा आला की त्याच दिवशी भुजंगप्रयातात ओळी जुळल्या:

गडाला न पाणी, गडाला न दाणा
तरी दार कोणी न खोले दिवाणा

दुसऱ्या दिवशी तुम्ही त्या सगळ्या वर्गापुढे वाचल्यात आणि म्हणालात, “वृत्त चोख. पण हा दिवाणा कोण? यमकासाठी थिएटरातून पकडून आणलास काय रे? आणि ‘खोले’? अरे इंदूरकरा, मराठीत दार उघडतात.” वर्ग असा हसला! तुम्ही म्हणालात, तो ‘दिवाणा’ बदलून आण. मी आणला नाही. इतकी वर्षं पाळी करता करता, ठाणावर ठाण पसरून डाग शोधता शोधता मी तो शब्द शोधत राहिलो, आणि दुसरा कुठलाच तिथे बसला नाही.

पण भांडण त्या शब्दाचं नाही. भांडण परीक्षेच्या उत्तराचं आहे. मी लिहिलं होतं, किल्ला पडला नाही, त्यांनी तो आपण होऊन सोडला. तुम्ही त्यावर लाल पेन्सिलीने उभी काट मारलीत आणि समासात लिहिलंत, ‘सोडला म्हणजे गेला.’ केवढा राग आला होता मला! असं कोरडं बोलणाऱ्या माणसाला कविता कशी कळणार, असं मी दोस्तांना म्हणायचो. बाहेर पडणं हेच मला तेव्हा सगळ्यात देखणं वाटायचं. उपसलेली खुकरी, ताठ मान, मागे वळून न पाहणं.

आता ऐका. परवा मुलगा आला. खुर्चीवर टेकतो न टेकतो तोच सुरू, “बाबा, आता ही जिद पुरे. इथे नळ नाही, बत्तीचा भरवसा नाही. तुम्ही मानाने बाहेर पडा ना! ते लोक प्रोग्राम ठेवतायत. शाल, श्रीफळ, स्टेजवर बोलावणार, गिरणीचे जुने वीर म्हणून.” त्याच्याबरोबर नव्या मालकाचा माणूस होता, पांढरे बूट घातलेला. तो लगेच म्हणाला, “काकाजी, आप तो शेर हो. शेर लोग सम्मान से निकलते हैं.” मी म्हटलं, “भिया, शेर को पिंजरे से निकालते हैं. घर से नहीं.” तो हसला, मुलगा नाही हसला. जाताना हळूच म्हणाला, “शेजारच्या काकूंचं आपण काहीतरी बघू.” ‘काहीतरी बघू’ म्हणजे काय, हे मला चांगलं ठाऊक आहे; तो लहानपणी पतंग मागायचा तेव्हा मीच त्याला कितीदा तसं म्हटलं असेल.

ते गेल्यावर तुमचा धड्याचा शेवट आठवला, जो मी पोरवयात ऐकूनही न ऐकल्यासारखा केला होता. ते वीर बाहेर पडले आणि कंपनीने किल्ला दगड दगड करून जमिनीला मिळवला. मग दोन लहान मनोरे बांधले, एक आपल्या मेलेल्यांसाठी, एक शूर शत्रूसाठी. आणि त्याच लोकांना पुढे आपल्या पलटणीत भरती केलं. तुम्ही छडी नकाशावरून ओढत म्हणाला होतात, “लक्षात ठेवा, जमीन घेऊन झाली की शूर म्हणायला काही खर्च येत नाही.” सर, शाल-श्रीफळ म्हणजे तोच मनोरा. तुमची ती लाल काट बरोबर होती, हे आज कबूल. पण म्हणून तुम्ही जिंकलात असं समजू नका. तुम्ही एवढंच शिकवलंत की जो बाहेर पडला तो हरला. आत राहायचं कसं, ते नाही शिकवलंत. ते मला हातपंपावर शिकावं लागतंय, या वयात, एका हातात कळशी आणि दुसऱ्या हाताने भिंत धरून. तर माझं उत्तर आता मी असं लिहितो, मारा काट मारायची तर: मी मानाने बाहेर पडणार नाही. मी अपमानाने आत राहीन. मळक्या धोतरात राहीन, दाढी न करता राहीन, अर्ध्या तांब्यात आंघोळ उरकीन, पण राहीन. मला वीर म्हणू नका, मला पाणी द्या.

आणि हे मी त्या गुरख्यालाही ऐकवलं बरं का. पन्नाशीचा असेल, डोळ्यांभोवती सुरकुत्यांचं जाळं, गळ्यात शिट्टी. आधी सराफ्यात गस्त घालायचा म्हणे. मी कळशी घेऊन त्याच्यासमोर उभा राहिलो आणि सगळं नालापाणी सांगितलं, हिंदीत, हातवारे करून. शेवटी म्हटलं, “तुम्हारे पुरखों का पानी अंग्रेज ने तोड़ा था. और तुम आज हमारे पानी पे ताला लेके बैठे हो. शरम नहीं आती?” त्याने शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाला, “बाबूजी, मेरे पुरखे तो बकरी चराते थे. किला-विला मैंने नहीं देखा.” मी म्हटलं, “अरे, बहादुर लोग हो तुम!” तर तो एकदम ताठ झाला. “बहादुर मत बोलो, बाबूजी. इधर जो बहादुर बोलता है, वो उसके बाद गाड़ी धोने को बोलता है.” मी कळशी सावरत वळलो. तुम्ही त्याला काय उत्तर दिलं असतं?

परत आलो, ओट्यावर टेकलो, तर तुमची आणखी एक गोष्ट आठवली. त्या वेढ्यात एक गोरखा शिपाई पांढरं फडकं हलवत एकटाच गोऱ्यांच्या छावणीत चालत आला होता. तोफेच्या गोळ्याने त्याचा जबडा फुटला होता. म्हणाला, औषध करा. त्यांनी केलं. बरा झाल्यावर म्हणाला, आता मला सोडा, मला परत जाऊन तुमच्याशी लढायचंय. तुम्ही स्वतःचं उपरणं जबड्याभोवती बांधून, तोंड वाकडं करून ती नक्कल केली होतीत. मी विचारलं होतं, “सर, पण डॉक्टरने त्याला बरं का केलं? उद्या तोच यांना मारणार ना?” तुम्ही तोंड उघडलंत आणि घंटा झाली. “उद्या सांगतो,” म्हणालात. दुसऱ्या दिवशी मोगल सुरू झाले.

हे पत्र कुठे टाकायचं? चाळीच्या तोंडाशी लाल पेटी होती, तीही काढून नेली. हे असंच राहील, माझ्यापाशी. आणि जे पाठवायचंच नाही त्यात खोटं कशाला लिहू, म्हणून एवढं सांगून टाकतो. वर मी जे सगळं ठणकावलंय ना, ते लिहिताना दाराआड एक पिशवी भरून ठेवलेली आहे. सकाळीच भरली. दोन धोतरं, भिंतीवरचा आमच्या हिचा फोटो, चष्म्याचं घर, स्वयंपाकघरातल्या चार डब्या. वहिनींना दिसू नये म्हणून वर चादर टाकलीय. संध्याकाळी मुलगा गाडी घेऊन येतो म्हणालाय, आणि मी त्याला नको म्हटलेलं नाही.

दार वाजतंय. एवढ्या लवकर? थांबा.

मुलगा नव्हता, सर. शालवालेही नव्हते. तो होता, गुरखा. जबड्याभोवती मफलर, डोक्यावर गाठ मारलेली, एक गाल टम्म सुजून डोळ्यापर्यंत चढलेला. क्षणभर मला वाटलं, तुम्हीच नक्कल करत दारात उभे आहात. म्हणाला, “बाबूजी, लौंग होगी? दाढ़ ने मार डाला. और थोड़ा गरम पानी, कुल्ला करने के लिए.” माझी नजर त्याच्या कमरेच्या किल्लीवर गेली. त्याने मान खाली घातली. “चाबी का मत बोलना. वो मेरे से नहीं होगा.”

कळशीत तांब्याभरच होतं, ते सगळं मी पातेल्यात ओतलंय. लवंगांची डबी नेमकी पिशवीच्या तळाशी गेली होती. ती काढायला अख्खी पिशवी जमिनीवर उपसावी लागली. धोतरं पडलीत, हिचा फोटो मी पुन्हा खिळ्याला लावलाय, आणि आता हे सगळं परत भरायची ताकद माझ्यात नाही. तो उंबऱ्यावर बसलाय, गाल धरून. पाणी तापतंय.

तो ‘दिवाणा’ मी बदलणार नाही, सर.