बोहिका या शब्दाची व्युत्पत्ती

ईडन प्रेरी, मिनेसोटा
फेब्रुवारी (बर्फ चालूच आहे)

तीर्थस्वरूप मोरेश्वरमामांना श्रीरामचा नमस्कार. गेला आठवडाभर मी मान खाली घालूनच फिरतो आहे, त्यामुळे वेगळं वाकायची गरज पडली नाही. मोतीबिंदूचं ऑपरेशन नीट झालं ना? शोभनामामींच्या गुडघ्याला आराम आहे का? इकडे विनीता आणि आन्या मजेत आहेत. आन्या तर जरा जास्तच मजेत आहे, आणि त्या मजेचं कारण मी आहे.

फोन, व्हॉट्सअ‍ॅप सगळं असताना हा हाताने पत्र का लिहितो, असं तुम्हाला वाटेल. मामा, आपल्या ग्रुपवर मामी आहेत, राधिकाताईचे सासरे आहेत. जे सांगायचं आहे ते त्यांच्या गुड मॉर्निंगच्या गुलाबांमध्ये टाकण्यासारखं नाही. हे पत्रसुद्धा वाचून झालं की फाडून टाका. (मामींना आधी वाचायला देऊ नका. नंतरही नको.)

आमचे शेजारी वेंडेल तुम्हाला आठवत असतील. तुम्ही इथे आलात तेव्हा तुम्हाला गॅरेजमध्ये बसवून बर्फात भोक पाडून मासे कसे धरतात ते सांगत होते, तेच. तरुणपणी व्हिएतनामच्या लढाईत सामानाचे ट्रक चालवायचे. त्याबद्दल मात्र कधी अवाक्षर काढलं नाही. आम्ही इथे राहायला आलो त्या पहिल्या हिवाळ्यात मी घरापुढचा बर्फ उपसून घामाघूम होऊन उभा होतो. तेवढ्यात गावाची बर्फ ढकलणारी गाडी आली आणि रस्त्यावरचा सगळा ढिगारा माझ्या साफ केलेल्या वाटेच्या तोंडाशी लावून निघून गेली. पलीकडून वेंडेलनी फावडं उंच धरून आरोळी ठोकली, “बोहिका!” मला वाटलं नमस्कार केला. मीही फावडं उंचावून तितक्याच जोरात म्हणालो, “बोहिका!” ते इतके हसले की तिथेच बर्फात बसले. किती आनंदी माणूस, असं मी विनीताला कौतुकाने सांगितलं.

तेव्हापासून सकाळी तोंड दिसलं की आमचं बोहिका ठरलेलं. आता तुम्ही विचाराल, गाढवा, अर्थ का पाहिला नाहीस? मामा, मी तुमचा भाचा. माझ्या लहानपणी जेवताना तुम्ही शब्दांची कुळं-मुळं उकलून दाखवायचात, ते बघून मला वाटायचं की शब्द नुसता कानावर पडला की आपल्याला त्याचं घराणं कळतं. इथे आजूबाजूला मिनेटॉन्का, वायझाटा, चॅनहॅसन अशी डकोटा लोकांच्या भाषेतली गावं आहेत. त्या चालीवर मी ठरवून टाकलं की बोहिका हाही त्यांचाच हिवाळी नमस्कार. ऑफिसात दोन-तीन जणांना तसं समजावूनही सांगितलं. (त्यातली एक माझी मॅनेजर आहे. तिचं पुढे येईलच. नाही, नकोच.)

बाबा गेले त्या वेळी माझं व्हिसाचं प्रकरण अडकलेलं होतं आणि मला येता आलं नाही, हे तुम्हाला माहीत आहे. अग्नी तुम्ही दिलात. त्या दिवशी मी गॅरेजमध्ये घडीच्या खुर्चीवर बसून फोनच्या पडद्यावर सगळं बघत होतो. वेंडेल आत आले, दुसरी खुर्ची उघडून शेजारी बसले आणि सगळं संपेपर्यंत एक शब्द बोलले नाहीत. उठताना माझ्या खांद्यावर हात ठेवून हळूच म्हणाले, “बोहिका, श्री.” मामा, त्या दिवशी मला तो आशीर्वाद वाटला. अजूनही वाटतो, हीच पंचाईत आहे.

जानेवारीत वेंडेल गेले. झोपेतच गेले. मार्लीस, म्हणजे त्यांच्या पत्नी, आमच्याकडे आल्या आणि चर्चमध्ये तू चार शब्द बोल म्हणाल्या. मग डोळे पुसत विचारलं, “तो तुला रोज म्हणायचा ते तुमच्या भाषेतलं ना? मी त्याला विचारलं की म्हणायचा, श्रीला विचार. काय रे अर्थ त्याचा?”

इथे मी ‘मला माहीत नाही’ म्हणायला हवं होतं. तीन शब्दांचं काम. पण समोर रडणारी म्हातारी बाई, आणि मी तुमचा भाचा. मी म्हणालो, हा फार जुना संस्कृत आशीर्वाद आहे, वरून जे येईल ते मान लववून घ्यावं असा त्याचा भाव आहे. एवढ्यावर थांबलो असतो तर ठीक होतं. मी पुढे म्हणालो की हा अर्थ मला माझ्या मामांनी सांगितला, ते नागपूरला इंग्रजीचे प्राध्यापक होते.

चर्च भरलेलं होतं. मी गॅरेजमधली गोष्ट सांगितली आणि लोक रडले. त्या रडण्याने मला चेव आला. मी म्हणालो, आता आपण सगळे उभे राहू, हात जोडू, कमरेत वाकू आणि वेंडेलना त्यांच्याच शब्दाने निरोप देऊ. मामा, मिनेसोटाची माणसं फार सभ्य, सांगितलं की करतात. पांढऱ्या केसांच्या आज्या, पास्टरबाई, ऑर्गन वाजवणारा, सगळे उठले, कमरेत वाकले आणि एका सुरात म्हणाले, “बोहिका!” मागच्या बाकावर वेंडेलचे लष्करातले म्हातारे दोस्त टोप्या छातीशी धरून बसले होते. त्यांच्यातून आधी घशात काहीतरी अडकल्यासारखा आवाज आला, मग एकाला दोघांनी धरून बाहेर नेलं. मला वाटलं दुःख अनावर झालं.

नंतर खाली तळघरात कॉफी आणि हॅम सँडविच होती. तिथे त्यांच्यातला ग्लेन नावाचा धिप्पाड गृहस्थ माझा हात हातात घेऊन सोडेचना. डोळ्यांतून पाणी येत होतं. मग त्याने कानात अर्थ सांगितला. मामा, तो शब्दच नाही. सहा इंग्रजी शब्दांची आद्याक्षरं आहेत. लष्कर प्रत्येक गोष्टीची आद्याक्षरं करतं म्हणून वैतागलेल्या सैनिकांनी आपल्या शिव्यांचीही आद्याक्षरं केली. तुम्ही नाही का, दुसऱ्या महायुद्धातला ‘स्नाफू’ हा असाच सैनिकी आद्याक्षरांचा शब्द आम्हाला शिकवताना त्यातल्या एफपाशी यायचात आणि मामी खोलीत आहेत का ते बघून भलताच सोवळा शब्द सांगायचात? हा त्याचाच धाकटा, व्हिएतनामातला भाऊ. अर्थ एवढाच की वाका, पुन्हा येतंय. कोणाकडून येतंय, तर वरिष्ठांकडून. कुठे येतंय, ते मी तुम्हाला लिहू शकत नाही. वाकलेल्या माणसाची कोणती बाजू उघडी पडते, याचा तुम्हीच विचार करा.

आणि मी तिथे पास्टरबाईंना वाकवलं.

गाडीत आन्या म्हणाली, “डॅड, यू मेड द होल चर्च डू इट. विथ द बाउ.” त्यापुढे तिला बोलता येईना, ती सीटवर आडवी झाली. विनीता खिडकीबाहेर बघत होती आणि तिचे खांदे हलत होते. मी गाडी चालवत होतो. त्या क्षणी भारतात परत जाण्याचा माझा विचार पक्का झाला होता.

दुसऱ्या दिवशी कळलं की मार्लीस तो शब्द वेंडेलच्या थडग्याच्या दगडावर कोरून घेणार आहेत. मग मात्र गप्प राहणं शक्य नव्हतं. विनीताने केलेलं श्रीखंड घेऊन गेलो, स्वयंपाकघरात त्यांच्यासमोर बसलो आणि म्हणालो की मी खोटं बोललो, शब्द संस्कृत नाही, सैनिकांचा आहे. अर्थ आहे, वाका, पुन्हा येतंय.

त्यांनी चमचा खाली ठेवला. “काय येतंय?”

मामा, मी सांगायलाच गेलो होतो. तोंड उघडलं. आणि म्हणालो, “बर्फ.”

त्यांनी चमचा उचलून श्रीखंडाचा एक घास घेतला. मग म्हणाल्या, “हो. बर्फाचा त्याला फार राग यायचा.” आणि मला आणखी कॉफी ओतली. मी ती प्यायलो आणि घरी आलो. म्हणजे खोटं मागे घ्यायला गेलो आणि दुसरं ठेवून आलो. तेव्हापासून त्यांच्या दारावरून जाताना मी टोपी डोळ्यांवर ओढतो.

असो. तुमचा वेळ घेतला. मामींना नमस्कार आणि तुमच्या नव्या डोळ्यांना शुभेच्छा. लोभ आहेच, तो या पत्रानंतरही उरला तर कळवा.

तुमचा लाजलेला,
श्रीराम

ता. क. खरं काम आता सांगतो. दगडावर कोरण्याआधी मार्लीस तुम्हाला फोन करणार आहेत. नागपूरच्या प्राध्यापकांकडून खात्री करून घेते म्हणाल्या आणि माझ्याकडून नंबर घेतला. मामा, आयुष्यभर तुम्ही एकाही शब्दाचा खोटा अर्थ सांगितला नाहीत. एकदाच, माझ्यासाठी, संस्कृत म्हणा. नाहीतर बर्फ तरी म्हणा. तुम्हाला जे कमी लाजिरवाणं वाटेल ते.

ता. क. २. पाकीट चिकटवत होतो तेवढ्यात आन्या मार्लीसकडून आली. त्यांनी तिला दगडावरच्या मजकुराचा नमुना दाखवला. वर वेंडेलचं नाव, खाली तो शब्द, इंग्रजीत, आणि प्रत्येक अक्षरापुढे एक ठसठशीत टिंब. मामा, टिंबं आद्याक्षरांपुढे देतात, आशीर्वादात कोणी देत नाही. त्यांना हे चर्चनंतर कळलं की लग्न झाल्यापासून माहीत होतं, देव जाणे. पण माझं ते ‘बर्फ’ ऐकताना त्यांच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नव्हती. तेव्हा फोन आला तर तुम्ही काहीच सांगू नका. नुसतं ऐका. त्यांना हसायला कोणीतरी हवं असेल.