बाबांवर ओरडले त्याबद्दल

प्रिय बाबा,

काल लॉकमध्ये सगळ्यांसमोर तुमच्यावर ओरडले, त्याची माफी मागायला हे पत्र लिहायला घेतलं.

लॉकमध्ये पाणी भरून-सोडून बोटी वर-खाली करायची ही कीपरची नोकरी मला लागली तेव्हा तुम्ही हसला होतात. "शाळा शिकलेली पोर बोटवाल्यांना काय दटावणार?" आपल्या घरात शाळा पुरी केलेली मी पहिलीच, आणि मनातून मलाही तीच धास्ती होती. अजून प्रत्येक झडप मी दोनदा तपासते.

काल लॉकमधलं पाणी उतरत होतं, आणि तुम्ही आपल्या बोटीचा दोर काठावरच्या खुंटाला घट्ट बांधून मागच्या बोटवाल्याशी ईल माशांच्या गप्पा मारत होतात. पाणी खाली गेलं, बोट दोरावर लटकून कलली. आत कपबश्या फुटल्या. आई आतच होती.

"दोराला हात लावू नका! आई, घट्ट धरून राहा!" मी खालच्या झडपा बंद केल्या.

"कुणावर ओरडतेस गं?"

"तुमच्यावर!"

वरून पाणी आत सोडलं तशी बोट सरळ झाली. आईनं डोकं बाहेर काढलं. "यांना गप्प करायला माझा जन्म गेला, पोरीनं एका दमात केलं!"

मग तुम्ही दोर सोडून हातात घेतलात, टोपी काढलीत आणि सगळ्या बोटींदेखत विचारलंत, "कीपरबाई, आता उतरवताय का पाणी?"

माफी मागितली तर तो प्रश्न तुम्हाला परत केल्यासारखं होईल. तो मी ठेवून घेतेय. पत्र पाठवत नाही.

थेम्सवरच्या या लॉकची कीपर,
आणि तुमचीच,
ऑलिव्ह