दोन ओळींची जागा

ता. ४ जानेवारी

चि. धाकटीस अनेक आशीर्वाद. वि. वि.

इंग्रजी-मराठी कोशाच्या शेवटच्या खंडाची मुद्रितं पोचली. दोनशे बारा पानं आहेत. मला निवृत्त होऊन सहा वर्षं झाली तरी तुमच्या कचेरीला दुसरा मुद्रितशोधक सापडत नाही, हे वाचून आधी बरं वाटलं. मग काम सुरू केलं आणि बरं वाटणं संपलं. तुमच्या नव्या लोकांना अनुस्वार म्हणजे माशी वाटते की काय कोण जाणे. कुठेही बसते, कुठूनही उडते.

पण हे पत्र अनुस्वारासाठी नाही. पान ११४२, डावा रकाना बघ. 'अनकन्फॉर्मेब्ली' हे क्रियाविशेषण. इतक्या आडवळणाचं की इंग्रजांनासुद्धा वर्षातून एकदा आठवत असेल. अर्थ दिलाय, रीत सोडून, मेळ न राखता. ठीक आहे. त्यापुढे वाक्य आहे, 'आमची मुलगी रीत सोडून वागली, तिला यापुढे आमच्यात धरू नये.' आणि कंसात, एक मुद्रितशोधक, खाजगी पत्र.

चष्मा पुसून तीनदा वाचलं. वाक्य माझं आहे. चार वर्षांपूर्वी भिंगरीनं कॉलेजातली गणिताची कायमची नोकरी सोडली आणि जोडे शिवायला बसली, त्या आठवड्यात मी ते तुला लिहिलं होतं. तुला लिहिलं होतं, कोशाला नाही. सख्ख्या भावाच्या पत्राला कात्री लावताना हात कसा धजला तुझा?

हे वाक्य काढ. पान वीस तारखेला छपाईला जायचंय, म्हणजे वेळ आहे. त्याच्या जागी हे घाल, 'नदी रीत सोडून वाहू लागली.' दोन ओळींत आरामात बसतं.

माझं बरं चाललंय. उजव्या जोड्याची टाच पुन्हा एका अंगानं झिजली. हल्लीच्या मालात दम नाही.

रागावलो आहे, तरी लोभ आहे तेवढा आहे.

तुझा,
दादा

ता. ७ जानेवारी

ती. दादास कृ. सा. न. वि. वि.

चूक माझी आहे, आधीच कबूल करते. चार वर्षांपूर्वी तुझं ते पत्र आलं तेव्हा मी कचेरीत चहा पीत होते. 'अनकन्फॉर्मेब्ली'चं कार्ड अकरा वर्षं वाक्यावाचून अडून बसलं होतं. तुझ्या पत्रात 'रीत सोडून' दिसलं आणि माझ्या हातानं कार्ड ओढून वाक्य उतरवलंसुद्धा. खण बंद केल्यावर मी काय वाचलं ते माझ्या लक्षात आलं, आणि मग मी रडले. आधी कार्ड, मग रडणं. या कोशात तीस वर्षं घालवलेल्या माणसाचं असंच होतं, तुला सांगायला नको.

कार्ड परत काढायला हवं होतं, ते राहिलं. कधी वाटायचं, तू आपणहून म्हणशील की ते वाक्य आता खरं नाही. तू म्हणाला नाहीस.

नदीचं वाक्य मी संपादकबाईंना दाखवलं. त्यांनी विचारलं, हे कोण बोललं, कधी आणि कुणापाशी. टेबलाशी बसून वाक्य बनवायचं नाही, कुणीतरी खरोखर लिहिलेलं किंवा बोललेलंच घ्यायचं, हा आपला पहिला नियम. तो भिंतीवर लावलाय तो तुझ्याच लाल पेन्सिलीतला आहे. माझी किती कार्डं तू 'बनावट' असा शेरा मारून परत पाठवलीस, ते मी विसरले नाही. छापायला बसलेलं वाक्य बोलणाऱ्याला मागे घेता येतं, पण त्यानं त्याच शब्दाचं दुसरं द्यायला हवं, आणि तेही त्यानं कुणाला तरी मनापासून बोललेलं असायला हवं. हा दुसरा नियमही तुझाच. आता तुझाच नियम तुझ्या मानेवर बसलाय, मी काय करू?

वीस तारखेपर्यंत वाट बघते. नाहीतर आहे तेच छापलं जाईल.

राग ओसरला की लोभ पाठव.

तुझी,
धाकटी

ता. ८ जानेवारी

चि. भिंगरीस अनेक उत्तम आशीर्वाद. वि. वि.

तुझ्या दुकानाचं कसं चाललंय? मागच्या पत्रात बोटाला आरी लागली म्हणाली होतीस. बोट भरलं का ते कळव. आणि हळद लावली म्हणून खोटं लिहू नकोस, तुझ्याकडे हळद नसते हे मला माहीत आहे.

एक गोष्ट तुला दुसऱ्या कुणाकडून कळण्याआधी माझ्याकडून कळावी, म्हणून लिहिते. (इथे तिनं वाक्याची, कार्डाची आणि दादांच्या पत्राची सगळी हकिगत लिहिली आणि वाक्य जसंच्या तसं उतरवलं.) मला माफ कर. दादाला तर मी सांगितलंच आहे.

त्या शब्दाचा आणखी एक अर्थ आहे, तो मला जास्त आवडतो. तो शब्द मुळात खडकांचा अभ्यास करणाऱ्यांचा. आमच्याकडे एक भूगर्भवाले येतात, त्यांनी मला समजावलं. माझ्या टेबलावरची पुस्तकं त्यांनी तिरकी कलती केली आणि वर वर्तमानपत्र सपाट पसरलं. म्हणाले, खालचे थर असे कलतात, मध्ये पुष्कळ काळ जातो, आणि मग नवा थर वर आडवा बसतो. दोघांचा मेळ बसत नाही. मी विचारलं, मग वरचा खाली पडत नाही का. ते हसले आणि म्हणाले, बाई, पडेल कसा, तो खालच्यावरच तर टेकलाय.

दादाची टाच पुन्हा झिजलीय. मालाला शिव्या देतोय. इकडचं बाकी सगळं ठीक आहे.

रागवायचं असेल तर माझ्यावर रागव, पण पत्र लिही.

तुझी,
आत्या

ता. ११ जानेवारी

ती. आत्यास सा. न. वि. वि.

बोट भरलं. हळद लावली नाही.

मी तुझ्यावर रागावले नाही. बाबा रागावलेत हे मला माहीत होतं, चार वर्षांत एक ओळ आली नाही त्यांची. पण 'आमच्यात धरू नये' हे त्यांनी शाईनं लिहिलं होतं, ते माहीत नव्हतं. दोन दिवस हातून धड टाका पडला नाही. माझे म्हातारे कारागीर, ज्यांच्याकडे मी शिकले, त्यांनी जोडा हातातून काढून घेतला आणि मला चामडं भिजवायला बसवलं. शिकाऊ असताना बसवायचे तसं.

बाबांना वाटतं मी नोकरी सोडली म्हणून ते रागावले. मला वाटतं तसं नाही. आपल्या घरात ज्याबद्दल कुणी बोलत नाही ते तुला लिहिते. त्यांचा डावा पाय लहानपणच्या आजारापासून आखूड आहे. आयुष्यभर त्यांनी दोन सारखे जोडे घातले आणि कंबरदुखी सोसली, पण कुणाला कळू दिलं नाही. रविवारी त्यांच्या जोड्यांना पॉलिश करायचं काम माझं होतं. नऊ वर्षांची असताना मी विचारलं होतं, दोन्ही टाचा सारख्या का झिजत नाहीत. आईनं डोळे वटारले. तो प्रश्न माझ्या डोक्यातून गेला नाही. कॉलेजात त्रिकोणमिती शिकवतानाही नाही.

इथे आम्ही एकसारखे जोडे शिवतच नाही. ज्याचा पाय जसा, तसा त्याचा एकेक जोडा. पहिल्या आठवड्यातच मी बाबांना म्हणाले होते की पहिला जोड तुमचा करते. ते म्हणाले, माझं व्यंग तू दुकानाच्या पाटीवर टांगलंस. मी तेव्हा हसण्यावारी न्यायला बघितलं. नको होतं हसायला.

त्यांच्या पायांचे लाकडी साचे मी तेव्हाच कोरून ठेवलेत. माप कसं घेणार, म्हणून आठवणीतूनच. न्हाणीघराच्या फरशीवर त्यांची ओली पावलं उमटायची, ती मला पाठ आहेत. साचे फळीवर आहेत, त्यावर शिवलेला जोडही आहे. गिऱ्हाइकं विचारतात कुणाचा, तर मी सांगते, एकांचा राहिलाय न्यायचा.

वाक्य छापू दे. खरं होतं ते त्या दिवशी. आणि हे सगळं बाबांना कळवू नकोस.

तुझ्या लोभाची सवय झालीय, ती मोडू नकोस.

तुझी,
भिंगरी

ता. १३ जानेवारी

ती. दादास कृ. सा. न. वि. वि.

भिंगरीनं मला एक गोष्ट तुला कळवू नको म्हणून बजावलंय, म्हणून कळवते. तिच्या फळीवर चार वर्षांपासून तुझा जोड पडून आहे. माप आठवणीतून घेतलंय, तेव्हा चुकलंही असेल. तुला चुका काढायला आवडतात.

सात दिवस उरलेत.

तुझी,
धाकटी

ता. १७ जानेवारी

ती. आत्यास सा. न. वि. वि.

तुझ्या पोटात काही राहत नाही, हे मी कायमचं लक्षात ठेवलंय.

काल सकाळी दहाच्या सुमाराला पायरीवर एक जड आणि एक हलकं पाऊल वाजलं. मान वर करायच्या आधीच मला कळलं. बाबा दारात उभे. म्हणाले, टाच झिजलीय, गिऱ्हाईक म्हणून आलोय. माझ्यापुढे दोघं होते. मी म्हटलं तुमचं आधी बघते, तर ते म्हणाले रांग मोडायची नाही, आणि बाकावर जाऊन बसले. सव्वा तास बसले. तेवढ्यात भिंतीवरचं माझं दरपत्रक वाचून काढलं आणि खिशातली लाल पेन्सिल काढून दोन ठिकाणी दुरुस्त्या केल्या.

त्यांची पाळी आली तेव्हा मी फळीवरचे साचे काढून त्यांच्या हातात दिले. डावा साचा ते बराच वेळ उलटसुलट करून बघत होते. माप कुणी दिलं म्हणून विचारलं. मी न्हाणीघराच्या फरशीचं सांगितलं. मग त्यांनी आपणहून मोजा काढला आणि पाय स्टुलावर ठेवला. आत्या, मी त्यांचा पाय कधी हातात घेतला नव्हता. थंड होता, आणि माझ्या पायासारखाच, अंगठ्याशेजारचं बोट लांब.

टाच चार मिलिमीटर कमी भरली. माझं माप चुकलं होतं. हे ऐकून ते पहिल्यांदा खुलले आणि म्हणाले, आठवणीवर विसंबून काम करू नये. मी बुचाचा आणखी एक थर बसवला. तोवर ते मोजे घालून बसले होते आणि म्हाताऱ्या कारागिरांना 'चामडं' शब्द कुठून आला ते सांगत होते.

नवे जोडे घालून ते गल्लीच्या कोपऱ्यापर्यंत गेले आणि आले. पुन्हा गेले आणि आले. तिसऱ्यांदा गेले ते कोपऱ्यावरून वळले, आणि वीस मिनिटं परतलेच नाहीत. मला वाटलं, गेले. मग आले. डोळे पुसलेले दिसत होते, पण धूळ असेल, इथे धूळ फार. म्हणाले, तुझ्या पाटीवर 'पायाप्रमाणे जोडे' लिहिलंय, पाय दोन असतात, अनुस्वार दे. एवढंच बोलून गाडी गाठायला निघून गेले.

त्यांना जोडे आवडले की नाही, मला माफ केलं की नाही, एक अक्षर बोलले नाहीत. वाक्याचाही विषय नाही. पण जुने जोडे माझ्या बाकाखाली विसरून गेलेत, आणि बाबा कधी काही विसरत नाहीत. मला यातून काय समजायचं ते कळत नाही. तुला काही कळलं तर लगेच लिही, वाट बघतेय.

संध्याकाळी शिडी लावून पाटीवर अनुस्वार दिला.

तुझी,
भिंगरी

ता. १८ जानेवारी, माणसाहाती

चि. धाकटीस अनेक आशीर्वाद. वि. वि.

मुद्रितं तपासून सोबत पाठवली आहेत. चुका तीनशे सात. पान ११४२ वरचं माझं वाक्य मी मागे घेत आहे. नियमाप्रमाणे दुसरं देतो. बनावट नाही, साक्षीदार आहे.

परवा परतीच्या गाडीत शेजारी एक पोस्टमन बसला होता. त्याचं लक्ष माझ्या पायांकडे गेलं आणि त्यानं विचारलं की आजोबा, तुमच्या एका जोड्याचा तळ जाड कसा. साठ वर्षं मी पायांबद्दलच्या प्रश्नाला घाबरून ते बाकाखाली ओढून घेत आलो. परवा घेतले नाहीत. उलट डावा पाय पुढे करून दाखवला आणि त्याला जे बोललो ते असं,

'आमची मुलगी रीत सोडून जोडे शिवते, म्हणून मी सरळ चालतो.'

दोन ओळींत बसतं, मी अक्षरं मोजली आहेत. पोस्टमन दुसऱ्या थांब्यावर उतरला, तोवर मी त्याला तुझ्या भाचीच्या दुकानाचा पत्ता दिला होता. उतरल्यावर मी स्टेशनापासून घरापर्यंत चालत आलो. कंबर दुखली नाही.

तिला तोंडावर मला हे बोलता आलं नाही. पाटीच्या अनुस्वारावरच गाडी अडली. पान छापून झालं की एक प्रत तिला पाठव. मीच पाठवायला सांगितली असं सांग.

तुझ्यावरचा राग ओसरला आहे. लोभ सोबत जोडला आहे.

तुझा,
दादा

ता. क. कंसातली ओळख बदलायची आहे. 'एक मुद्रितशोधक' काढ. 'जोडे शिवणारीचे वडील' असं घाल. हे लांब आहे, तिसरी ओळ लागेल आणि रकाना खाली सरकेल. पान जुळल्यावर ओळ वाढवू द्यायची नाही, हा नियमही माझाच. तो मोड.