माळशिरसच्या सभेतलं पीठ

सोलापूर,
ता. ९ डिसेंबर १९२६

तीर्थरूप दादास,

धाकट्या लीलाचा शिरसाष्टांग नमस्कार. इकडे सगळे खुशाल. आईचा गुडघा थंडीने कुरकुरतो, पण तोंड ठणठणीत आहे. तू दिवाळीलाही आला नाहीस, म्हणून तुझ्या वाटणीच्या करंज्या मीच खाल्ल्या. रागवायचं तर तिकडे पुण्यातच रागाव.

आबा कौन्सिलच्या निवडणुकीत पडले, हे तुला कळलंच असेल. तुझ्या मित्रांनी पेढे वाटले असतील. वाटू देत. भांडून गेलास तेव्हा म्हणाला होतास, ब्राह्मणेतर पक्ष म्हणजे आबांची फेटा मिरवायची हौस. अरे, एकदा त्यांच्या सभेला यायचं होतंस! गावोगाव घसा बसेस्तोवर एकच मागणी: मुंबईचं विद्यापीठ आपल्याला लांब पडतं, महाराष्ट्राला स्वतःचं हवं, आणि त्यात कुणब्यांची पोरं दिसायला हवीत.

माळशिरसच्या सभेला आई आणि मीही गेलो होतो. आबा 'विद्यापीठ, विद्यापीठ' करत रंगात आले, तशी बायकांतून गोजरबाई नावाची एक म्हातारी उठली.

"सायेब, पीठ देताय ते लई ब्येस. पर गिरण कुटं बसवनार?"

सभेत खसखस पिकली. आबा मात्र हसले नाहीत. "मावशी, गिरणच समजा की. पोरं घालायची अन् शाणी करून भाईर काढायची."

"अन् पोरी? ही तुमचीच न्हवं? हिला घालनार का?"

आता इतका वेळ टाळलं ते लिहिते. माझं लग्न करमाळ्याच्या मानसिंगरावांच्या मुलाशी ठरलं होतं. तिकडची मतं त्यांच्या शब्दावर पडायची, आणि ते आबांच्या शेजारीच खुर्चीवर बसले होते.

आबांनी माझ्याकडे पाहिलं. मला पुढे शिकायचंय, हे मी घरात कधी बोललेच नव्हते. तुझ्या भांडणानंतर कोण तोंड उघडणार! मी मान खाली घातली, पण डोळे भरलेले त्यांना दिसले असावेत.

"घालनार," आबा म्हणाले. "यंदा मॅट्रिकला बसतीया. जूनमदी पुण्याला धाडतो."

मानसिंगराव तिथूनच उठून गेले. सोयरीक मोडली, करमाळ्याची मतंही गेली. एका पोरीपायी जागा घालवली, असं पक्षातली माणसं घरी येऊन सुनावून गेली. आबांनी त्यांना चहा पाजला आणि वाटेला लावलं. दादा, मला इतका अभिमान वाटला की आत जाऊन रडले.

आता पुण्यात माझी राहायची सोय पाहायला हवी. आबा तुला स्वतः लिहिणार नाहीत, स्वभाव तुला ठाऊकच आहे. काल मात्र पान लावता लावता म्हणाले, "रावजीला इचार, ठेसनावर यील का."

मी म्हटलं, "मला घ्यायला ना?"

"तुला न्यायला," आबा म्हणाले, "अन् मला भेटायला."

उत्तर मला नको. त्यांच्या नावावर धाड.

पडलेल्या उमेदवाराची लेक,
लीला