ननंदेचे बूट

मी, खाली सही करणारी, वय वर्षे एकाहत्तर, मोटारचालकाची विधवा, हे स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डोके ठिकाणावर आहे, कोणाचा दाब नाही. रागात आहे, पण भान सुटलेले नाही.

एक. राहत्या दोन खोल्या, बँकेतील ठेव आणि शिलाई मशीन मुलीला. जावयाने मशीनला हात लावू नये. दुरुस्त करतो म्हणून त्याने पंख्याचे काय केले ते मी विसरलेले नाही.

दोन. पुस्तकांची पेटी वाचनालयाला. मी शाळेत गेले नाही. हे ज्यांची गाडी चालवत, त्या साहेबांचे वाचून झालेले वर्तमानपत्र घरी आणत, त्यावर मी अक्षरे गिरवली. त्यातच एके दिवशी साहेबांची मुलाखत वाचली. लहानपणी घरात बुटांचा एकच जोड, बहिणीचे पट्ट्याचे बूट घालून शाळेत जायचो, पोरे हसायची, टाच सोलून निघायची.

"अहो, हे तर तुमचं," मी म्हटले.

"गाडीत बोललो असेन कधीतरी. राहू दे."

त्यानंतरची अकरा वर्षे, जाईपर्यंत, हे गाडीत रस्त्याखेरीज कशाबद्दल बोलले नाहीत.

तीन. ते बूट माझ्या कपाटात आहेत. ते साहेबांना मिळता कामा नयेत. गेल्या महिन्यात स्वतः मागायला आले. आयुष्यात पहिल्यांदा मला वहिनी म्हणाले.

"वहिनी, ऑफिसात काचेच्या कपाटात ठेवू. लोकांना कळू दे, आम्ही कुठून वर आलो."

"वडिलांच्या कारखान्यातून आलात, साहेब."

चिडले नाहीत. डोळे भरून आले. वाकून डावी टाच चोळली आणि म्हणाले, "अजून दुखते हो."

खोटे बोलत नव्हते, याचाच मला संताप आहे. नुसता पैसा घशाखाली उतरेना, म्हणून आमची गरिबी तोंडी लावायला घेतली. आता ती त्यांना स्वतःचीच वाटते. बंगला, गाड्या, कारखाना सगळे होते. नव्हते तेवढे ह्यांच्याकडून नेले. ह्यांचा वण उजव्या टाचेवर होता.

चार. बूट ननंदेला, कारण ते तिचे आहेत. भाऊ ते घालून जायला लागला तेव्हा तिची शाळा सुटली, ती कायमची. हे मात्र ह्यांनी गाडीत सांगितले नव्हते. लाज वाटायची. तिने बूट जाळावेत, फेकावेत, तिची मर्जी.

परवा तिला दाखवले. तिने उजवा बूट उलटसुलट करून पाहिला.

"वहिनी, हे बक्कल मी तोडलं होतं. दगडानं. त्याला घालता येऊ नयेत म्हणून. तर मेल्यानं सुतळीनं बांधले. त्या सुतळीनंच कापली टाच."

एवढे बोलून ती बूट मांडीवर घेऊन बसून राहिली.

मुलीला बजावते, हे शेवटचे कलम साहेबांना वाचून दाखवू नकोस. तेवढे आमच्याकडे राहू दे.

साक्षीदार: समोरच्या शिंपीणबाई (सही), वाचनालयाचे ग्रंथपाल (सही).
लिहिणारी: सही, अंगठा नव्हे.
ठिकाण: माझे स्वयंपाकघर. दिनांक ९ मार्च, सोमवार.