कीडीनगऱ्याची जागा नातीच्या नावे

अरिहंतांना वंदन, सिद्धांना वंदन, आचार्य, उपाध्याय आणि लोकातील सर्व साधुसाध्वींना वंदन. ज्यांच्या कृपेने या हाताला अजून लेखणी धरवते आणि या डोळ्यांना मुंगीची रांग दिसते, त्यांचे स्मरण करून लिहायला बसलो आहे.

मी, हुकमचंद जसराज देसरडा, वय ८१ वर्षे, पूर्वीचा व्यवसाय डाळ मिल, राहणार जुना जालना, हे मृत्युपत्र स्वहस्ते व स्वखुशीने लिहितो. माझे चित्त ठिकाणावर आहे. परवाच्या प्रतिक्रमणात माझा एकही पाठ चुकला नाही, याची ग्वाही पत्नी सौ. तारादेवी देतील, आणि चूक सोडून देणाऱ्यांपैकी त्या नाहीत. सन २०१७ मध्ये मी केलेले मृत्युपत्र या लेखाने पूर्णतः रद्द समजावे. त्यात एक वाक्य होते : "नात कु. रितिका हिला माझ्या मिळकतीत कोणताही हक्क राहणार नाही." ते का लिहिले आणि आज का खोडतो, हे सांगितल्यावाचून वाटणी पुरी होणार नाही. वाचणाऱ्याने थोडा धीर धरावा.

कलम १. जुना जालना येथील राहते घर व बँकेतील सर्व ठेवी सौ. तारादेवी यांच्या हयातीपर्यंत त्यांच्या. त्यांच्या पश्चात घर नातू चि. श्रेयांस याचे. ठेवींचे काय करायचे ते तारादेवींनी ठरवावे. पन्नास वर्षे त्यांनीच ठरवले आहे, मी केवळ सह्या केल्या.

कलम २. एमआयडीसीतील डाळ मिल, यंत्रे, गोदाम व नाव चि. श्रेयांस यास देतो. त्याचे वडील, माझे एकुलते चिरंजीव, अकाली गेल्यावर या मुलाने विसाव्या वर्षी मिल खांद्यावर घेतली आणि माझ्यापेक्षा चांगली चालवली. त्याच्याविषयी माझी तक्रार एकच, ती पुढच्या कलमात येते.

कलम ३. मिलच्या मागची उत्तरेकडील मोकळी जागा, मातीच्या बांधासह, कडुनिंबाच्या झाडासह आणि तेथे राहणाऱ्या सर्व जीवांसह, नात डॉ. रितिका हिला कायमची व पूर्ण मालकीहक्काने देतो. तेथे काँक्रीट ओतून दुसरे गोदाम उभारण्याचा श्रेयांसचा नकाशा मी पाहिला आहे. नकाशा उत्तम आहे. तो दुसऱ्या जागेवर वापरावा.

आता कारण. आम्ही मारवाडी लोक मुंग्यांच्या वारुळाला कीडीनगरा म्हणतो आणि त्याला रोज पीठसाखर घालणे हे नित्यकर्म मानतो. त्या बांधापाशी मी चव्वेचाळीस वर्षे हे केले. स्थानकात, म्हणजे आमच्या धर्मसभेच्या जागी, जीवांच्या भेदांवर बोलण्याचा मानही माझ्याकडे होता : मुंगी त्रींद्रिय, म्हणजे डोळ्यांवाचून तीन इंद्रियांची, मधमाशी डोळ्यांसह चतुरिंद्रिय, असे मी कित्येक चातुर्मास समजावून सांगितले. अशा घरातील मुलीने २०१७ साली येऊन सांगितले की तिला विद्यापीठात गांधीलमाशी, मुंगी व मधमाशी यांचे परस्परांशी नाते शोधायचे आहे, आणि त्यासाठी विषारी वाफेची बाटली व टाचण्या लागतील.

मी म्हणालो, "आजोबा साखर घालणार आणि नात विष?"

ती म्हणाली, "दादाजी, नमुने घेतल्याशिवाय नातं कळत नाही."

"मग कळू नये," मी म्हणालो. त्याच आठवड्यात वकिलांकडे गेलो. त्यानंतर चार वर्षे मी तिच्याशी बोललो नाही. ती दिवाळीला येई, दाराशी नमस्कार करी, मी माळ ओढीत राही.

२०२१ च्या पावसाळ्यात, सकाळी बांधावर साखर घालताना, लाल मखमली अंगाची, पांढऱ्या ठिपक्यांची एक मोठी मुंगी मला एकटीच फिरताना दिसली. पायाखाली येईल म्हणून तिला बोटावर घ्यायला वाकलो. मिलमध्ये डाळ निवडणाऱ्या दुर्गाबाई मागे उभ्या होत्या.

"शेठजी, हात लावू नका. ती मुंगी न्हाई."

"पंख नाहीत, जमिनीवर चालते आहे. मुंगी नाही तर काय?"

"चालतीया म्हणून मुंगी? मंग आमचं म्हातारं बी मुंगीच म्हना की."

तोवर तिने डंख केला. कोपरापर्यंत आग गेली. मी खाली बसलो, आणि दुर्गाबाई बोटावर पाणी ओतता ओतता म्हणाल्या, "इतकी वर्षं साखर घालून राह्यले, आन् कोन कोनाचं हाय ते बिलकुल वळखू न्हाई आलं."

घरी तारादेवींनी मला न विचारता रितिकाला फोन लावला. ती म्हणाली, "दादीजी, अंगावर पांढरे ठिपके होते का, विचारा ना." मी आतल्या खोलीतून म्हणालो, "होते." चार वर्षांतला माझा तिच्याशी तो पहिला शब्द.

तिने मग जे सांगितले ते मी त्या दिवसापासून आजवर घोळवीत आलो आहे, आणि माझ्या वारसांनीही ते नीट समजून घ्यावे. ती लाल बाई गांधीलमाश्यांसारख्या शिकारी माश्यांपैकी. तिच्या जातीत नराला पंख असतात, मादीला नसतात, म्हणून ती मुंगीचे सोंग घेतल्यासारखी दिसते. गांधील, मुंगी आणि मधमाशी ही सारी एकाच डंखधारी कुळाची माणसे. अंडी घालण्याची जी नळी मूळ पूर्वजाला होती तिचाच पुढे डंख झाला, आणि म्हणून डंख केवळ मादीपाशी. अंगलट पाहून जुने अभ्यासक मुंगीला गांधीलमाशीच्या शेजारी बसवीत. वंशतत्त्व, ज्याला ती डीएनए म्हणते, तपासल्यावर मुंगी मधमाशीच्या अधिक जवळची निघाली. आणि मधमाशी? ती मातीत बीळ करणाऱ्या शिकारी माश्यांच्याच घरातली. दहाबारा कोटी वर्षांपूर्वी त्या घरातील एका शाखेने शिकार सोडली आणि ती फुलांच्या परागावर राहू लागली.

बोटाची आग मी त्या क्षणी विसरलो. मांसाहाराचा त्याग करून एवढा मोठा वंश वाढला आणि फुलांच्या शेतांना आधार झाला, हे माझ्या बांधावर घडत असलेले प्रवचन होते, आणि मी त्याच्याकडे पाठ करून स्थानकात बोलत होतो.

फोन हातात घेऊन मी विचारले, "हे नाते शोधायला मारावेच लागते?"

"वंशतत्त्वाला एक पाय पुरतो, दादाजी. पण जिवंतपणी पाय तोडणंही तुम्हाला चालायचं नाही."

"मेलेली चालेल?"

"ताजी असेल तर. पण ताजी मेलेली रोज कुठून आणायची?"

येथे माझी चव्वेचाळीस वर्षे कामाला आली. मुंग्या आपल्यातले मेलेले जीव नगराबाहेर, बांधाच्या एका ठरावीक कोपऱ्यात नेऊन टाकतात. ते मी रोज पाहिले होते. कडुनिंबावर आग्या मोहोळ बसे, त्याखाली सकाळी गळालेल्या माश्या असत. गांधिली व बिळे करणाऱ्या माश्या मिलच्या खिडक्यांच्या कट्ट्यांवर मरून पडलेल्या मिळत. मी तिला म्हणालो, "तू बाटल्या पाठव. भरून मी देतो."

तिच्या मार्गदर्शकांनी हसून सांगितले की असा गोळा केलेला कचरा तपासून कोणी डॉक्टर होत नसते. हे त्यांचे शब्द मी जपून ठेवले आहेत आणि येथे परत करतो. पुढची तीन वर्षे, सकाळचे सामायिक, म्हणजे आसनावरचे ध्यान, आटोपले की मी पूंजणीच्या, जीव अलगद बाजूला सारायच्या कुंच्याच्या, मऊ धाग्यांनी एकेक मृत जीव उचलून स्पिरिटमध्ये ठेवला. खिडक्या दुर्गाबाईंनी सांभाळल्या. "शेठजी, आज दोन गेल्या," असे त्या गंभीरपणे कळवीत, आणि एकदा वर म्हणाल्या, "बाटलीत टाकायच्या आधी तुमचं ते नवकार म्हना, उगं शिव्या नका घालू श्रेयांसभाऊला." श्रेयांसने कीटकनाशकवाला बोलावला होता, त्या दिवसाची ती गोष्ट. मी खुर्ची टाकून बांधासमोर बसलो आणि फवारा परत गेला.

दोनशे एकतीस नमुने झाले. यंदा मार्चमध्ये तोंडी परीक्षा झाली. तारादेवी, दुर्गाबाई आणि मी मागच्या बाकावर होतो. परीक्षकांनी विचारले, "नमुने मारण्याची पद्धत हा रकाना कोरा का?"

रितिका म्हणाली, "पद्धत नाही, सर. वाट पाहिली."

परीक्षकांनी तिचा वंशवृक्ष भिंतीवर पुन्हा लावायला सांगितला : मुंग्या आणि मधमाश्या शेजारच्या फांद्यांवर, गांधील दूरच्या फांदीवर, आणि मला डसलेली ती लाल बाई मुंगीपासून लांब, आपल्या शिकारी भाऊबंदांत. मोठ्या प्रयोगशाळांनी जे सांगितले तेच आमच्या बांधाने सांगितले, आणि त्यासाठी एकही जीव गेला नाही. मार्गदर्शक महोदय सर्वांत आधी टाळ्या वाजवू लागले, हे नमूद करणे मला आवश्यक वाटते.

दुर्गाबाईंनी विचारले, "जमलं का पोरीला?" मी म्हणालो, "बराबर जमलं." माझ्या एक्याऐंशी वर्षांत मी इतका जिंकलेला कधी नव्हतो.

कलम ४. मिलच्या दाराशी असलेल्या, दुर्गाबाई सध्या राहत असलेल्या दोन खोल्या त्यांच्या मालकीच्या. त्यांना तेथून कोणी उठवू नये. तसा प्रयत्न करणाऱ्याने आधी त्यांच्याशी बोलून पाहावे.

कलम ५. माझे भिंग स्थानकातील माझे जुने सोबती श्री. पारसमल यांना द्यावे. रितिका जीव मारायला निघाली असे बोलून त्यांनी मला भर स्थानकात खाली मान घालायला लावली होती. आता ते विचारतात की मुंगीला डोळे आहेत असे नात म्हणते, मग त्रींद्रिय कसे? पारसमलजी, शास्त्राने आपल्याला मुंगी दाखवली ती तिचे डोळे मोजण्यासाठी नव्हे, पाऊल जपून टाकण्यासाठी. तरीही भिंगातून पाहावे. त्याने श्रद्धा कमी होत नाही. माझी झाली नाही.

कलम ६. माझी पूंजणी रितिकाची. घरातील सर्व धर्मग्रंथही तिचेच, कारण ती ते वाचताना प्रश्न विचारते.

कलम ७. दर संवत्सरीला मी चौऱ्याऐंशी लक्ष योनींतील जीवांची क्षमा मागत आलो. त्या यादीत पाण्याचे जीव होते, वाऱ्याचे होते, न दिसणारे होते. दाराशी उभी राहून नमस्कार करणारी एक मुलगी त्यात नव्हती. चार वर्षे मी तिला घरातले माणूस मानले नाही. रितिका, मिळकत वरच्या कलमाने तुझी होईलच, ती माझी मेहरबानी समजू नकोस. काल मी तुझ्यासमोर हात जोडले तेव्हा तू रडू लागलीस आणि मला पुढे बोलता आले नाही, म्हणून येथे लेखी क्षमा मागतो : मिच्छामि दुक्कडम्.

या मृत्युपत्राची अंमलबजावणी सौ. तारादेवी यांनी करावी.

लिहून देणार : हुकमचंद जसराज देसरडा (सही)

आमच्यासमक्ष सही झाली, लिहून देणार पूर्ण शुद्धीत आहेत :
साक्षीदार १. डॉ. अर्पिता रामप्रसाद खरात, जालना (सही)
साक्षीदार २. ॲड. कल्याण काकासाहेब शेजूळ, जालना (सही)

ठिकाण : जुना जालना
दिनांक : संवत्सरी आटोपल्यानंतर, शुक्रवार, २९ ऑगस्ट २०२५

जो कोणी हे वाचील, वारस असो वा परका, त्याचे कल्याण होवो. त्याच्या पायाखाली कोणी चिरडले न जावो, आणि त्याच्या दाराशी उभे असलेले माणूस त्याला वेळेत दिसो.